‘गिदोन’ नाटकाचा शेवट बायबलमध्ये असाच आहे की लेखकाने पदरचं घातलंय?

पडद्यामागचा

मंडळी एक प्रश्न आहे, थोडं लांबण लागेल, सांभाळून घ्या.

पॅडी चायेफ्स्की या अमेरिकन लेखकाचं ‘गिदोन’ नावाचं दोन अंकी नाटक आहे, १९६१ मध्ये ब्रॉडवेवर आलेलं. तेच पुढे १९७१ मध्ये अमेरिकेत एनबीसीवर ‘हॉलमार्क हॉल ऑफ फेम’मध्ये टीव्हीसाठी केलं गेलं, त्यात गिदोन म्हणजे पीटर उस्तिनोव्ह आणि देवदूत म्हणजे होसे फेरर. आमचा पुण्यात नाटकं वाचणाऱ्यांचा एक छोटा ग्रुप आहे, त्यातल्या एकाने संहिता आणली आणि टीव्हीवालं जुनं रेकॉर्डिंग पण त्याच्याचकडे निघालं, तर दोन्ही झालं आणि तेव्हापासून आमच्यात जी वादावादी चालू आहे ती थांबायचं नाव घेत नाही.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी गोष्ट पटकन सांगतो. मिद्यानी लोक दरवर्षी उंटांवरून येतात, पिकं लुटतात, इस्राएली लोक डोंगरातल्या गुहांमध्ये लपून दिवस काढतायत. गिदोन म्हणजे गावात कोणी फारसं हिशोबात न धरणारा माणूस. त्याच्यासमोर देवाचा दूत येऊन उभा राहतो आणि म्हणतो तू शूर वीर आहेस, यांना सोडवणारा तूच. मग ३०० माणसं, हातात मडकी, मडक्यात मशाली, आणि लाखावर फौज उधळते. इथपर्यंत शौर्यकथा आहे, आपल्याला लगेच कळते.

पण नाटक खरं पेटतं ते यानंतर. गिदोनला त्या विजयाचं थोडं श्रेय हवंसं वाटायला लागतं. देव (नाटकात तो या दूताच्याच रूपात बोलतो) म्हणतो अरे तू काही केलंच नाहीस, मी केलं, तू फक्त माझ्यावर प्रेम कर. आणि गिदोन म्हणतो नाही जमत, तू इतका मोठा आहेस की तुझ्यापुढे मी कुणीच उरत नाही, मला मोकळं कर. सुक्कोथ नावाच्या गावच्या पंचांना मारायचा देवाचा हुकूम तो मोडतो कारण त्याला त्यांची दया येते. आणि शेवटी लोकांना विजयाची ऐतिहासिक, आर्थिक वगैरे कारणं समजावून सांगतो, देव त्यात कुठेच नाही. देवदूत थोडा दुखावलेला थोडा हसत, बरं बाबा आता तूच देव होऊन बघ अशा सुरात नाटक संपवतो.

तर प्रश्न असा की हे सगळं मूळ गोष्टीत आहे का? आमच्यातले दोघं म्हणतात चायेफ्स्कीने शूर माणसाचा पार विचका केलाय, आणि मला वाटतं की नाही, काहीतरी मुळातच आहे म्हणून त्याला ते दिसलं, पण मी बायबल नीट वाचलेलं नाही त्यामुळे माझं घोडं तिथेच पेंड खातं. आणि दुसरं म्हणजे हे टीव्हीवर बघताना मला गिदोनच बरोबर वाटत होता आणि नुसतं वाचताना देवाची बाजू जास्त पटत होती, हे असं का व्हावं? नाटकवाल्यांनी सांगा.

खडूस_कांदा

हॉटेलच्या खोलीत टेबलाच्या खणात जे बायबल सापडतं ते ‘गिडियन’वाल्यांचं, तो गिडियन हाच बरं का. १८९९ मध्ये अमेरिकेत विस्कॉन्सिनमध्ये फिरत्या विक्रेत्यांनी ती संस्था काढली, त्यांच्या चिन्हावर पण मडकं आणि मशाल आहे. म्हणजे चायेफ्स्कीचा गिदोन देवाला सांगतो जा बाबा मला सोड, आणि इकडे त्याच्याच नावाने जगभरच्या हॉटेलात देव खणात ठेवलाय. चालू द्या.

बाकी उस्तिनोव्ह म्हटलं की मला ३१ ऑक्टोबर १९८४ आठवतं. इंदिराबाई त्या सकाळी घरून निघाल्या होत्या त्या याच माणसाला मुलाखत द्यायला, आयरिश टीव्हीसाठी. तो कॅमेरा लावून वाट बघत बसला होता. विषयाशी काही संबंध नाही पण आठवलं.

वसईकर_मास्तर

पडद्यामागचा, तुमचं घोडं थोडं पुढे ढकलतो. बायबलमध्ये ‘शास्ते’ नावाचं पुस्तक आहे त्याचे अध्याय ६, ७ आणि ८ वाचा, पाऊण तास सुद्धा लागणार नाही. मी शाळेत आणि रविवारच्या धर्मशिक्षणात ही गोष्ट पोरांना खूप वेळा सांगितली आहे आणि पोरांना मडकी फोडायचा भाग आवडतो, त्याच्यापुढे सहसा कोणी जात नाही. मोठी माणसं पण नाही जात.

आधी जे मुळात आहे ते. गिदोन द्राक्षकुंडात लपून गहू झोडतोय, उघड्या खळ्यावर झोडला तर मिद्यानी घेऊन जातील म्हणून. आणि अशा लपलेल्या माणसाला दूत म्हणतो हे बलवान वीरा! ही थट्टा चायेफ्स्कीची नाही, पवित्र शास्त्रातच आहे. गिदोन सांगतो माझं कूळ मनश्शेच्या वंशात सगळ्यात दुबळं आणि घरात मी सगळ्यात धाकटा. मग तो खूण मागतो. मग बाल नावाच्या परक्या देवाची वेदी फोडायला सांगितली तर ती फोडतो, पण रात्री, घरच्यांची आणि गावाची भीती वाटते म्हणून. मग पुन्हा लोकरीची परीक्षा, एकदा लोकर ओली जमीन कोरडी, आणि तेवढ्याने समाधान नाही म्हणून दुसऱ्या रात्री उलटं, लोकर कोरडी जमीन ओली. असा हा आमचा वीर. देवाला किती वेळा ताटकळत ठेवलंय बघा.

आता तुमच्या प्रश्नाचं मूळ. ३२,००० माणसं जमतात. देव म्हणतो ही फार झाली, एवढ्यांनी जिंकलात तर इस्राएल फुशारकी मारेल की आमच्याच हाताने आम्ही सुटलो. ज्यांना भीती वाटते त्यांनी घरी जा म्हटल्यावर २२,००० निघून जातात. उरले १०,०००. मग झऱ्यावर पाणी पिण्याची परीक्षा, गुडघे टेकून प्यायले ते बाद, जिभेने लपलप करून प्यायले ते ३०० उरले. हे सगळं कशासाठी, तर श्रेय कोणाचं हा प्रश्न आधीच मिटवून टाकण्यासाठी. म्हणजे तुमचा लेखक जे दोन अंक लिहितो ते सातव्या अध्यायाच्या दुसऱ्या वचनातच बसलेलं आहे. ते त्याच्या पदरचं नाही.

आणि अजून एक, हे मला स्वतःला बऱ्याच उशिरा लक्षात आलं. मडकी फोडल्यावर काय ओरडायचं ते गिदोन आपल्या माणसांना शिकवतो, “परमेश्वरासाठी आणि गिदोनासाठी”. हे “गिदोनासाठी” त्याला कोणी सांगितलं होतं? देवाने नाही सांगितलं. ते त्याचं त्यानेच जोडलं.

पण सुक्कोथचं मात्र लेखकाने साफ उलटं केलंय आणि तिथे माझं त्याच्याशी भांडण आहे. बायबलमध्ये गिदोन दमलेल्या ३०० जणांसाठी सुक्कोथवाल्यांकडे भाकरी मागतो, ते देत नाहीत, आधी शत्रूला पकडून तर दाखव म्हणतात. परत येताना हा तिथल्या एका तरुणाला पकडून गावच्या ७७ वडीलधाऱ्या पंचांची नावं लिहून घेतो आणि त्यांना रानातल्या काट्यांनी फोडून काढतो. पनुएल गावचा बुरूज पाडतो आणि गावातली माणसं मारतो. आणि हे करायला देवाने सांगितल्याचं एक अक्षर नाही तिथे. म्हणजे मुळात माणूस क्रूर आणि देव गप्प, आणि नाटकात देव क्रूर आणि माणूस दयाळू. नाट्यमय आहे, मान्य, पण ज्याच्यावर आळ घेतला तो उत्तर द्यायला कोर्टात उभा नाही एवढं लक्षात ठेवा.

तिसरी_घंटा

मास्तर, मानलं तुम्हाला. “आणि गिदोनासाठी” हे मी संहितेवर पेनाने लिहून ठेवतोय.

टीव्ही आणि स्टेजबद्दल मी बोलतो कारण ते माझं कुरण आहे. चायेफ्स्की मुळात टीव्हीचाच माणूस हे आधी ध्यानात घ्या. ब्रॉन्क्समधला, ज्यू घरातला. १९५३ मध्ये त्याचं ‘मार्टी’ टीव्हीवर लाइव्ह झालं, एका खाटकाची प्रेमकथा, साधी माणसं साधं बोलणं, त्याचा १९५५ मध्ये सिनेमा झाला आणि त्याला ऑस्कर मिळालं. मग हा रंगभूमीकडे गेला, १९५९ मध्ये ‘द टेन्थ मॅन’ आणि मग ‘गिदोन’, दोन्ही टायरन गथ्रीने बसवलेली. आणि पुढे १९७६ मध्ये ‘नेटवर्क’ हा सिनेमा लिहून टीव्हीच्या धंद्याचीच सालं काढली. तर ‘गिदोन’ टीव्हीवर आलं म्हणजे एका अर्थी माहेरी आलं.

ब्रॉडवेला ते प्लिमथ थिएटरला नोव्हेंबर १९६१ मध्ये लागलं, २३६ प्रयोग झाले. तिथे देवदूत होता फ्रेड्रिक मार्च, दोन ऑस्करवाला, आणि गिदोन होता डग्लस कॅम्पबेल, उत्तम नट, कॅनडातल्या स्ट्रॅटफर्डच्या महोत्सवात गथ्रीबरोबर मुरलेला, पण तिकिटाच्या खिडकीवरचं नाव मार्चचं. आता विचार करा, लोक मार्चला बघायला आलेत, तो येतो, उभा राहतो, आवाज लावतो, सगळं थिएटर त्याच्या ताब्यात. देव म्हणजे स्टार. मग गिदोन जेव्हा त्याला म्हणतो की तुझ्यासमोर मी कुणीच नाही तेव्हा ते प्रेक्षकाला डोळ्यांनी दिसतंय, वेगळं पटवायला लागत नाही.

१९७१ ला टीव्हीवर पारडं फिरलं. फेरर काही लहान माणूस नाही, १९५० च्या ‘सिरानो’साठी ऑस्कर घेतलेला, आवाज म्हणजे खर्ज नुसता. पण उस्तिनोव्ह त्या काळात घराघरात माहीत, ‘क्वो वादिस’मधला नीरो, आणि मुख्य म्हणजे याच हॉलमार्कच्या मालिकेत १९६६ मध्ये त्याने सॉक्रेटिस केला होता आणि टीव्हीचा एमी पुरस्कार मिळवला होता. म्हणजे प्रेक्षकाच्या डोक्यात हा आधीच तो गोड, अजागळ दिसणारा पण वाद घालून भल्याभल्यांना गार करणारा म्हातारा आहे. त्यात कॅमेरा तोंडाजवळ. क्लोजअपमध्ये मोठेपणा नाही टिकत हो, क्लोजअपमध्ये टिकतो तो गोंधळ, संकोच, ओशाळणं, आणि हे सगळं गिदोनकडे आहे. देवाकडे काय आहे? खात्री. खात्रीला क्लोजअप द्या, ती थोड्या वेळाने हट्टासारखी दिसायला लागते. म्हणून तुम्हाला टीव्हीवर गिदोन बरोबर वाटला आणि वाचताना देवाची भाषा जास्त भिनली, कारण चायेफ्स्कीने भाषेतला मोठा घास देवालाच दिलाय.

ज्यांनी आपल्याकडे दूरदर्शनवर स्टुडिओत केलेली नाटकं बघितली आहेत त्यांना हे सांगायला नको. प्लायवूडची भिंत, दाराला धक्का लागला की हलणारी, आणि त्यात एखादा नट नुसता डोळे खाली करून उभा राहायचा आणि आपण भिंत विसरायचो. अमेरिकेत त्याच जातीचं काम जरा श्रीमंतीत चालायचं. हॉलमार्क म्हणजे ती शुभेच्छापत्रवाली कंपनी, त्यांची ही मालिका १९५१ च्या नाताळच्या आदल्या रात्री सुरू झाली तीच मुळी खास टीव्हीसाठी लिहून घेतलेल्या ऑपेराने. शुभेच्छापत्र विकणाऱ्याने देवाला नाही म्हणणारं नाटक दाखवावं, तेही घरातल्या सगळ्यांनी बसून बघायच्या वेळी, हे मला आजच्या मानाने धाडसाचं वाटतं. आज कोण देईल पैसे?

पडद्यामागचा

वा, एकदम मालच मिळाला. मास्तर, म्हणजे आमच्या त्या दोघांना सांगतो की श्रेयाचं भांडण मुळात आहे आणि दया मात्र लेखकाची.

पण मग मला अजून एक कळत नाही. आपल्याकडे अर्जुनाला सरळ सांगितलंय की हे सगळे आधीच मेलेले आहेत, तू निमित्तमात्र हो. आणि अर्जुन ते ऐकून धनुष्य उचलतो, त्याला कुठे राग येत नाही की अरे मग माझी किंमत काय. गिदोनला तेच सांगितलं तर तो रुसतो. हा फरक त्या दोन धर्मांचा आहे का १९६१ सालचा आहे?

खडूस_कांदा

अर्जुनाला राज्यात वाटा होता. गिदोनला परत गहूच झोडायचा होता.

इंद्रायणी_काठ

कांदा 😄

पण मला अर्जुनापेक्षा संतांशी ताडून बघावंसं वाटतं. आमच्या घरात वारी आहे, आजी रोज विठोबाशी भांडायची, अगदी नाव घेऊन, आणि ते काही जगावेगळं नाही, जनाबाईने त्याला शिव्या घातल्यात, तुकोबांनी त्याच्यावर दिवाळखोरीचे आरोप केलेत, नामदेव रुसून बसलेत. देवाशी भांडणारा माणूस आपल्याला नवीन नाही. पण हे सगळे भांडतात ते कशासाठी, तर तू लांब का, ये, भेट दे, माझ्याकडे बघ. गिदोनचं भांडण बरोबर उलटं आहे. देव येऊन बसलाय समोर, प्रेम कर म्हणतोय, आणि हा म्हणतोय तू जवळ असलास की मला माझं काही सुचत नाही, जा. मला वाचताना (मी फक्त संहिता वाचली आहे, टीव्हीवालं नाही बघितलं) हे नास्तिकाचं नाटक अजिबात वाटलं नाही. नास्तिक माणूस देवाला जा म्हणत नाही, त्याच्यासाठी कोणी आलेलंच नसतं. गिदोनला देव आहे याबद्दल शंका राहिलेली नाही. त्याला फक्त स्वतः पण थोडं असायचंय. एखाद्या फार कर्तबगार बापाच्या पोराची गत होते ना, काहीही केलं तरी लोक म्हणतात अमक्याचा मुलगा आहे म्हणून जमलं, तशी.

आणि म्हणून शेवटी तो जी आर्थिक ऐतिहासिक कारणं देतो ती त्याला स्वतःला तरी खरी वाटतात का? मला नाही वाटत. त्याला माहितीये त्या रात्री काय झालं. तरी तो ते बोलतो कारण त्याशिवाय त्याला जगता येणार नाही. त्याला खोटारडा म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

अलिबाग_ते_अश्दोद

शालोम सगळ्यांना! उशिरा आले पण हा धागा बघून राहवलं नाही. मी बेने इस्राएल म्हणजे कोकणातली मराठी ज्यू, माहेर अलिबागकडचं, आता इस्राएलमध्ये अश्दोदला असते, मराठी टाइप करायला इथे कोणी नसतं त्यामुळे चुका पदरात घ्या.

आमच्याकडे या गोष्टी आम्ही नाटकातून नाही, कीर्तनातून ऐकल्या. १८८० च्या सुमाराला मुंबईत आमच्या लोकांनी मराठी कीर्तनाची पद्धत उचलली, पेटी, टाळ, साकी दिंडी ओवी सगळं तेच, फक्त आख्यान मोशेचं, योसेफाचं, दावीदाचं. माझ्या मोठ्या मावशीला त्यातली पदं पाठ होती. कीर्तनात नायक मात्र नायकच राहतो, बुवा त्याला शेवटी काटे घेऊन पंचांच्या मागे धावताना नाही दाखवत, तिथे आधीच आरती होते.

पण आमच्या परंपरेत गिदोनबद्दल एक गमतीशीर गोष्ट आहे. तालमूद या आमच्या धर्मग्रंथात असं म्हटलंय की यरुब्बाल (हे गिदोनचंच दुसरं नाव) आपल्या पिढीत तसाच जसा मोशे आपल्या पिढीत. वरवर बघता केवढी मोठी पदवी! पण संदर्भ असा की हलक्यातला हलका माणूस सुद्धा जर त्या काळाचा पुढारी नेमला गेला तर त्याचं ऐकायचं, मागचे किती थोर होते ते उगाळत बसायचं नाही. म्हणजे गिदोनला मान दिला तो “हलक्यां”च्या यादीत घालून. त्याला हे कळलं असतं तर परत रुसला असता बिचारा.

आणि पडद्यामागचा दादा, तुम्ही दोन धर्मांचा फरक विचारलात, तर देवाशी हुज्जत घालणं हे आमच्याकडे पण जुनंच आहे. देव सदोम शहर नष्ट करायला निघतो तेव्हा अब्राहाम म्हणतो तिथे ५० चांगली माणसं असली तर शहर वाचव, आणि घासाघीस करत १० माणसांपर्यंत देवाला खाली आणतो, अगदी बाजारात उभं राहिल्यासारखा. चायेफ्स्की त्याच घरातला, त्यामुळे सुक्कोथच्या लोकांसाठी रदबदली करणारा गिदोन मला परका नाही वाटला, मला तर तो अब्राहामाचा प्रसंग उचलून गिदोनच्या अंगावर चढवल्यासारखा वाटला. वसईकर सर, तुमचा राग समजते, पण ते उसनं घेतलंय तेही त्याच पुस्तकातून.

ज्या झऱ्यावर ती पाण्याची परीक्षा झाली म्हणतात तो हरोदचा झरा इथे उत्तरेला गिल्बोवाच्या पायथ्याशी आहे, राष्ट्रीय उद्यान आहे, शनिवारी पोरंटोरं घेऊन लोक जातात, पाणी गार असतं. गुडघे टेकून पिऊ नका एवढंच, बाद व्हाल 😀

रणगाथा

हरोद म्हटल्यावर मला राहवत नाही, विषयांतर आहे पण दोन ओळी. १९३८ मध्ये त्याच भागात ऑर्ड विंगेट नावाचा ब्रिटिश अधिकारी रात्रीच्या छाप्यांची पथकं तयार करत होता, बायबल कोळून प्यायलेला माणूस, आणि १९४१ मध्ये इथिओपियात सम्राट हायले सेलासीला परत गादीवर बसवायच्या मोहिमेत त्याने आपल्या तुकडीचं नावच ‘गिडियन फोर्स’ ठेवलं. थोडी माणसं, अंधार, गोंगाट, शत्रूला वाटायला हवं की फार मोठी फौज आहे. हाच विंगेट पुढे ब्रह्मदेशात चिंडिट्स नावाची छापामार पथकं घेऊन गेला, आणि १९४४ च्या मार्चमध्ये मणिपूरच्या डोंगरात विमान कोसळून गेला. म्हणजे गिदोनचा गनिमी कावा आपल्या ईशान्य सीमेपर्यंत येऊन पोचला होता.

आणि म्हणूनच नाटकाच्या शेवटी ती जी “कारणं” गिदोन देतो ती अगदीच फालतू नाहीत. रात्री पहारा बदलण्याची वेळ साधली, तीन बाजूंनी एकदम आवाज आणि उजेड, छावणीत वेगवेगळ्या टोळ्यांचे लोक झोपलेले, कोण आपला कोण परका कळेना आणि एकमेकांवरच तलवारी चालवल्या. यात चमत्कार न मानणाऱ्याला पण पुरेसं आहे. ते पहारा बदलण्याचं बायबलमध्येच लिहिलंय, मी नाही सांगत.

वसईकर_मास्तर

अश्दोदच्या ताई, अब्राहामाचं पटलं. एवढी रदबदली मी पण मान्य करतो, आळ अर्धा मागे घेतो.

पण नाटकवाल्यांनो, तुम्ही जिथे नाटक संपवता तिथे शास्त्र संपत नाही हे मी सांगणारच. लोक गिदोनला म्हणतात तू आमच्यावर राज्य कर, तो म्हणतो मी नाही, माझा मुलगा नाही, परमेश्वर राज्य करील. ऐकायला किती छान. आणि पुढच्याच वाक्यात म्हणतो, बरं तेवढी लुटीतली कानातली कुंडलं द्या. ती भरली १,७०० शेकेल सोनं, म्हणजे आजच्या हिशोबात साधारण १९ किलो. त्याचं तो एफोद करतो, एफोद म्हणजे याजकाचं, पुजाऱ्याचं वस्त्र, आणि आपल्या गावात ठेवतो, आणि सगळे त्याच्याच पाया पडायला लागतात. तो एफोद चायेफ्स्कीने घेतलाय. पण जे घेतलं नाही ते ऐका. याला बायका पुष्कळ, मुलगे ७०, आणि शखेम गावातल्या एका बाईपासून झालेल्या मुलाचं नाव काय ठेवलं? अबीमलेख. “माझा बाप राजा आहे”. मी राज्य करणार नाही म्हणणाऱ्या माणसाच्या पोराचं नाव हे! आणि बाप गेल्यावर तो अबीमलेख आपल्या ७० भावांना एका दगडावर मारतो, एकटा योथाम लपून वाचतो.

मग त्यावर योथाम डोंगराच्या टोकावर उभा राहून झाडांची गोष्ट सांगतो. झाडांना राजा हवा होता, जैतुनाकडे गेली, अंजिराकडे गेली, द्राक्षवेलीकडे गेली, तिघांनी नाही म्हटलं, आम्ही आमचं तेल, गोडी, रस सोडून तुमच्यावर डुलायला का येऊ. शेवटी काटेरी झुडपाला विचारलं आणि ते एका पायावर तयार, म्हणालं या माझ्या सावलीत. काटेरी झुडपाची सावली! नवव्या अध्यायात आहे. मला विचाराल तर गिदोनवरचं खरं भाष्य ते आहे आणि कुठल्याही नाटककाराच्या तोंडात मारेल असं आहे. तुम्ही वाचन करणार असाल तर नाटक संपल्यावर लगेच तेवढा भाग वाचा, पाच मिनिटंही लागणार नाहीत.

आणि हो, कोणाला असं वाटत असेल की मराठीत या गोष्टी म्हणजे काहीतरी परकं, तर फादर स्टीफन्सनी १६१६ मध्ये गोव्यात राशोलला ख्रिस्तपुराण छापलं त्यात जुना करार पण ओवीत आहे. चारशे वर्षं झाली.

पडद्यामागचा

मास्तर, योथामचं नक्की घेतो, काल रात्रीच नववा अध्याय वाचला आणि अंगावर काटा आला. ग्रुपवर टाकलं तर आमच्यातला जो सगळ्यात जास्त “विचका केलाय” म्हणत होता तोच आता म्हणतोय की नाटक मराठीत करायचं, वाचन नको, सरळ प्रयोग. हक्कांचं काय असतं कोणाला माहीत आहे का?

तिसरी_घंटा

चायेफ्स्की १९८१ मध्ये गेला. आपल्या कायद्याने लेखक गेल्यानंतर ६० वर्षं, म्हणजे २०४१ संपेपर्यंत हक्क जिवंत आहेत. त्यामुळे भाषांतर करून तिकीट लावून प्रयोग करायचा असेल तर आधी परवानगी आणि रॉयल्टी, आणि परवानगी हातात आल्याशिवाय तालमी सुरू करू नका, पोरं उत्साहात पाठ करून बसतात आणि मग पंचाईत. घरात बसून मित्रांनी मित्रांसाठी वाचणं वेगळं.

नाहीतर सरळ शास्ते ६ ते ९ उचला आणि स्वतःचं लिहा, त्यावर कोणाचा हक्क नाही. माझं मत विचाराल तर तेच करा. तुमच्याकडे आता चायेफ्स्कीकडे नव्हतं ते पण आहे, काट्यांनी फोडलेले ७७ म्हातारे, अबीमलेख, योथाम. आणि कीर्तनाचा साचा आयता मिळतोय, अश्दोदच्या ताईंनी हातातच दिलाय. बुवा देवाचा दूत, मागे उभे टाळकरी म्हणजे गाव, आणि गिदोन समोर प्रेक्षकातून उठून येतो आणि बुवांनाच अडवतो की थांबा, हे असं नव्हतं झालेलं.

फक्त खरी मडकी फोडू नका. एकदा एका प्रयोगात आम्ही फोडली होती, नंतरच्या प्रवेशात सगळे अनवाणी होते.

अलिबाग_ते_अश्दोद

अगं बाई, हे भारी आहे! मावशीची काही पदं माझ्याकडे वहीत आहेत, मोशेची आहेत पण चाली वापरता येतील, हवी असतील तर फोटो काढून पाठवते. आरती मात्र योथामच्या नंतर घ्या.

खडूस_कांदा

काटेरी झुडपाच्या भूमिकेसाठी मी उपलब्ध आहे. मानधन नको, सावली देतो.